डिजिटल टॉर्क रेंच आणि टक् वाजणारा जुना रेंच यांच्या आकड्यांत फरक येतो. कोणता खरा मानावा?

प्रश्न: मकरपुरा पंपवाला

नमस्कार मंडळी. बडोद्यात मकरपुरा जीआयडीसी या औद्योगिक वसाहतीमध्ये आमचा सेंट्रिफ्यूगल पंप आणि लहान गिअरबॉक्स दुरुस्त करण्याचा छोटा कारखाना आहे. आतापर्यंत सगळे काम ठरावीक टॉर्कला, म्हणजे पिळाच्या जोराला, टक् असा आवाज करणाऱ्या टॉर्क रेंचवर होत असे. दीड वर्षापूर्वी २०० न्यूटन-मीटरपर्यंतचा, अर्धा इंच चौकोनाचा डिजिटल टॉर्क रेंच घेतला. आकडा डोळ्यांना दिसतो आणि नोंद ठेवता येते, म्हणून पंपाच्या फ्लँजचे (पाइप जोडायच्या कडेच्या चकतीचे) काम हळूहळू त्याच्याकडे वळवले.

फ्लँजला एम १२ चे, ८.८ दर्जाचे आठ बोल्ट असतात आणि ते आम्ही ८० न्यूटन-मीटरला आवळतो. गेल्या दोन महिन्यांत डिजिटल रेंचने आवळलेले तीन पंप गॅस्केटमधून (जोडातल्या बंदिस्त चकतीतून) पाझरत असल्याची तक्रार घेऊन परत आले. जुन्या रेंचने आवळलेल्या पंपांबद्दल अशी तक्रार कधी आली नव्हती. म्हणून मी एक चाचणी केली. जुना रेंच ८० वर लावून आठही बोल्ट आवळले आणि लगेच त्याच बोल्टांवर डिजिटल रेंच लावून बोल्ट किंचित हलेपर्यंत ओढले. पडद्यावर कधी ९४, कधी ९९, तर एका बोल्टला १०२ असा आकडा आला. म्हणजे जुना रेंच गरजेपेक्षा जास्त आवळतो आणि केवळ त्यामुळेच त्याचे पंप पाझरत नाहीत, असा अर्थ काढावा का?

आणखी एक गोष्ट लक्षात आली. डिजिटल रेंच चालू करून टेबलावर ठेवला की कधी ०.० दिसते, तर कधी १.६ दिसते. पडला किंवा आपटला असल्याचे कोणी सांगत नाही. कॅलिब्रेशनचा, म्हणजे माप पडताळल्याचा, दाखला खरेदीच्या वेळचाच आहे. रेंच दुरुस्तीला पाठवण्याआधी आपल्याकडे काय तपासता येईल, आणि रोजची निगा कशी राखावी, हे अनुभवी लोकांनी कृपया सांगावे.


उत्तर: कलाभवनचा जुना विद्यार्थी

मी बडोद्याच्या कलाभवन या तंत्रशिक्षण संस्थेत शिकलो आणि पुढची सगळी नोकरी तपासणी विभागात झाली, म्हणून जरा सविस्तर लिहितो.

सर्वप्रथम आपल्या चाचणीविषयी. आवळून झालेला बोल्ट दुसऱ्या रेंचने ओढून पाहिला, तर दिसणारा आकडा पहिल्या रेंचने दिलेल्या टॉर्कचा नसतो. स्थिर बोल्ट पुन्हा हलवताना स्थितिक घर्षणावर मात करावी लागते आणि ते गतिक घर्षणापेक्षा जास्त असते. शिवाय डिजिटल रेंच सर्वोच्च आकडा धरून ठेवण्याच्या मोडमध्ये असेल, तर बोल्ट सुटतानाचा तो क्षणिक उंच आकडाच पडद्यावर अडकून राहतो. त्यामुळे ८० ला आवळलेला बोल्ट हलवताना ८५ ते ९० दिसणे मुळीच आश्चर्याचे नाही. मात्र आपले आकडे त्याहूनही वर आहेत. हा उरलेला फरक शोधायला हवा, आणि तो बोल्टवर सापडणार नाही. आसपास कोणाकडे दाखला असलेला टॉर्क टेस्टर असेल, तर दोन्ही रेंच त्याच्यावर लावून पाहा.

टेस्टरवर एकाच आकड्याला तपासून थांबू नका. ४०, ८० आणि १२० अशा तीन ठिकाणी प्रत्येकी पाच वेळा ओढा आणि सगळे आकडे लिहून ठेवा. तिन्ही ठिकाणी चूक सारखीच, समजा दीड न्यूटन-मीटर, निघाली तर दोष शून्याचा आहे. चूक आकड्याबरोबर त्याच प्रमाणात वाढत गेली तर शून्य ठीक असून मापाचे प्रमाणच बदलले आहे. आणि एकाच ठिकाणचे पाच आकडे आपसांतच विखुरलेले असतील, तर रेंचपेक्षा ओढणाऱ्याच्या हाताकडे पाहावे लागेल. हा एवढा भेद कळला, तरी निम्मे निदान झाले असे समजा.

शून्याबाबत माझा अंदाज असा की, रेंच सॉकेटसह बोल्टवर चढवल्यानंतर कोणीतरी चालू करत असावे. दांड्याच्या आत धातूच्या पट्टीवर स्ट्रेन गेज चिकटवलेले असतात. पट्टी केसभर वाकली की त्यांचा विद्युत रोध किंचित बदलतो आणि व्हीटस्टन ब्रिजच्या जोडणीतून तो बदल टॉर्कच्या आकड्यात उतरतो. चालू होताना पट्टीवर जो भार असेल तोच रेंच शून्य समजतो. नुसत्या हाताच्या आणि दांड्याच्या वजनानेही एक-दोन न्यूटन-मीटर सहज पडतात. म्हणून रेंच सपाट टेबलावर ठेवायचा, त्याला हात लावायचा नाही, मग बटण दाबायचे आणि ०.० स्थिर झाल्यावरच उचलायचा. आपल्या रेंचला कोन मोजण्याची सोय असेल, तर हे अधिकच काटेकोरपणे पाळावे, कारण आतला जायरो चालू होताना पूर्ण स्थिर असावा लागतो.

मुठीचीही गोष्ट सांगतो. पुष्कळ रेंचच्या मुठीवर मध्यभागी एक रेघ किंवा उंचवटा असतो आणि तळहाताचे मधले बोट त्यावर यावे अशी अपेक्षा असते. काही रेंच हात कुठेही धरला तरी बरोबर मोजतात, पण सगळे नाही. हात पुढे सरकला किंवा दांड्याला पाइप लावला, तर आकडा बदलू शकतो आणि आकड्यापलीकडे पट्टीही कायमची वाकू शकते. ओढताना झटका देऊ नये. शेवटच्या टप्प्यात एकसारखा, सावकाश जोर ठेवावा.

जुना रेंच वापरून झाल्यावर कुठे ठेवता, हेही पाहा. त्यात स्प्रिंग असते. ती महिनोन्‌महिने ८० वर दाबलेली राहिली की हळूहळू सैलावते, म्हणून तो सर्वांत खालच्या खुणेवर आणून ठेवायचा असतो. पूर्ण मोकळा मात्र करायचा नाही. डिजिटल रेंचमध्ये अशी स्प्रिंग नसल्याने त्याला ही काळजी लागत नाही.


उत्तर: रोहित्र बडोदा

मी रोहित्रांच्या कारखान्यात गुणवत्ता विभागात आहे आणि साइटवर जोडणीच्या वेळी बसबारचे (वीज वाहणाऱ्या जाड पट्ट्यांचे) बोल्ट आवळताना आम्ही डिजिटल रेंचच वापरतो. काकांनी मापाबद्दल लिहिलेच आहे. मी निगेबद्दल लिहिते, कारण आमचे दोन रेंच मापामुळे बिघडले नव्हते, ते सेलमुळे बिघडले.

पावसाळ्यात साइटचे काम थांबले होते आणि रेंच पेटीत तीन महिने सेलसह पडून होता. उघडला तेव्हा सेलच्या घरातली स्प्रिंग पांढऱ्या-हिरव्या, मिठासारख्या कणांनी भरून गेली होती आणि एक कण बोटाला लागताच चरचरले. अल्कलाइन सेलमधून पाझरते ते पोटॅशियम हायड्रॉक्साइड असते. हातमोजे घालून, कापसाच्या काडीला थोडे व्हिनेगर लावून ते पुसले की निष्प्रभ होते. लिंबाचा रसही चालतो. त्यानंतर आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसून पूर्ण कोरडे होऊ द्यायचे. आमचा एक रेंच यातून वाचला. दुसऱ्याच्या सर्किटपर्यंत क्षार पोचला होता, त्यामुळे तो गेला. तेव्हापासून दोन आठवड्यांपेक्षा जास्त काळ रेंच लागणार नसेल, तर सेल काढून वेगळ्या पिशवीत ठेवायचे, असा आमचा नियम आहे. जुना आणि नवा सेल एकत्र घालू नये, कारण आधी संपलेल्या सेलमधूनही दुसरा सेल प्रवाह रेटत राहतो आणि तोच आधी पाझरतो. सेल कमी झाल्याची खूण पडद्यावर दिसली की हातातले काम पुरते करू असे म्हणून ओढत राहू नये.

दुसरे म्हणजे ऊन. बडोद्यात मे महिन्यात पारा ४२ अंशांच्या पुढे जातो आणि बंद गाडीच्या आत त्याहून बराच वर. अशा गाडीतून काढलेला रेंच लगेच बोल्टवर चढवू नका. सावलीत अर्धा तास ठेवा, मग शून्य करा. कॅलिब्रेशन १८ ते २८ अंशांच्या दरम्यान, स्थिर तापमानात केलेले असते, ही गोष्ट साइटवर सहसा विसरली जाते. पावसाळ्यात पेटीत सिलिका जेलची पुडी ठेवावी आणि तिचा रंग बदलला की ती बदलावी.

स्वच्छतेसाठी रॉकेल, थिनर किंवा ब्रेक क्लीनर वापरू नका. मूठ आणि पडद्यावरचे प्लास्टिक त्याने फुगते. कोरडा किंवा किंचित ओलसर कपडा पुरे. रॅचेटच्या डोक्यात तेल ओतू नये, कारण ते वाहत जाऊन दांड्यात शिरते. थोडे ग्रीस टोकाने लावायचे. आणि कृपा करून या रेंचने गंजलेला बोल्ट सोडवू नका. घट्ट बोल्ट किती टॉर्कला सुटेल याचा अंदाज कोणालाच नसतो, आणि क्षमतेपलीकडे ओढल्याची किंमत स्ट्रेन गेजला मोजावी लागते. त्या कामासाठी साधा लांब दांड्याचा पाना ठेवा.

एककाची खात्री रोज सकाळी करावी. आमच्याकडे एकदा रेंचवर फूट-पाउंड राहिले होते आणि फिटरने कागदावरचे ८० पाहून ८० वर आवळले. ते प्रत्यक्षात १०८ न्यूटन-मीटर झाले. तांब्याच्या बसबारवरचे सगळे वॉशर बदलावे लागले.


उत्तर: गिअरपेटी

मंडळी, एक शक्यता अजून कोणी मांडलेली नाही. पंपाच्या फ्लँजमागे पाइप असला की सॉकेट बसत नाही आणि रेंचच्या पुढे क्रो-फूट, म्हणजे तोंडाला बसणारा आडवा जोडपाना, लावावा लागतो. तो सरळ रेषेत पुढे लावला की भुजा लांबते आणि बोल्टवर पडद्यावरच्या आकड्यापेक्षा जास्त टॉर्क पडतो. समजा चौकोनाच्या मध्यापासून मुठीच्या खुणेपर्यंत ४०० मिलिमीटर आहे आणि जोडपान्याने ५० मिलिमीटर वाढले. बोल्टवर ८० हवे असेल, तर पडद्यावर ८० गुणिले ४०० भागिले ४५०, म्हणजे ७१ दिसेपर्यंतच ओढायचे. जोडपाना दांड्याशी काटकोनात लावला तर ही दुरुस्ती जवळजवळ लागत नाही, आणि आम्ही जागा असेल तिथे तसेच लावतो.

आता मुद्दा असा की, आजकालच्या पुष्कळ डिजिटल रेंचमध्ये ही वाढीव लांबी मेनूत भरता येते. मग रेंच स्वतःच हिशोब करून बोल्टवरचा आकडा दाखवतो. सोय चांगली आहे, पण जोडपाना काढल्यावर मेनूतले ५० तसेच राहिले, तर साध्या सॉकेटवरही तो प्रत्येक आकडा साडेबारा टक्के फुगवून दाखवतो. बोल्टवर ७१ पडलेले असताना पडदा ८० म्हणतो, आणि फिटर समाधानाने पुढच्या बोल्टकडे वळतो. काकांनी सांगितलेली, चूक प्रमाणात वाढते का ही चाचणी इथे अचूक उत्तर देईल. टेस्टरकडे जाण्याआधी मेनू एकदा जरूर उघडा. मेनूत आधीच लांबी भरलेली असताना वरचा गुणाकार हातानेही केला, तर दुरुस्ती दोनदा होते, हेही फिटरला समजावून सांगा.

रेंच बरोबर निघाला तरी बोल्टकडे लक्ष असू द्या. दिलेल्या टॉर्कचा साधारण अर्धा भाग बोल्टच्या डोक्याखालच्या किंवा नटखालच्या घर्षणात, सुमारे चाळीस टक्के आट्यांच्या घर्षणात जातो आणि जेमतेम दहा टक्क्यांनी बोल्ट ताणला जातो. एम १२ च्या कोरड्या बोल्टला ८० न्यूटन-मीटर दिले की सुमारे ३३ किलोन्यूटन पकड मिळते. त्याच बोल्टच्या आट्यांना आणि बसण्याच्या जागेला तेल लावून तेवढेच ८० दिले तर पकड ४४ च्या आसपास जाते. रेंचला हा फरक दिसत नाही. त्यामुळे एका फ्लँजवर चार बोल्ट तेलकट आणि चार कोरडे असतील, तर आठही ठिकाणी ८०.० असा नेमका आकडा येऊनही गॅस्केट एका बाजूला सैल राहील. नोंदवहीत टॉर्कच्या शेजारी कोरडा की तेलकट हे लिहिण्याची सवय आम्ही लावली आहे.


मकरपुरा पंपवाला

काका, ताई आणि गिअरपेटी, आपले मनापासून आभार. शनिवारी दुपारी काम आवरल्यावर मी आणि आमचा फिटर रेंच घेऊन शेजारच्या कारखान्यात गेलो. त्यांच्याकडे भिंतीला बसवलेला टेस्टर आहे आणि त्याचा दाखला चालू आहे. आपण सांगितल्याप्रमाणे मेनू आधी उघडायचा होता, पण मी मुद्दाम तो न उघडता तीन ठिकाणची चाचणी केली, कारण निदान स्वतः पाहायचे होते.

टेस्टरवर ४० आले तेव्हा रेंच ४५ दाखवत होता, ८० ला ९० आणि १२० ला १३५. पाचही वेळा तेच, फार तर अर्ध्या न्यूटन-मीटरचा इकडेतिकडे फरक. मग मेनू उघडला, तर जोडपान्याच्या लांबीच्या जागी ५० मिलिमीटर. फिटरला आठवले की पावसाळ्याआधी एका अडचणीच्या पंपासाठी त्यानेच ते भरले होते. तो आकडा शून्य केला आणि पुन्हा ओढले, तेव्हा ४०.२, ८०.४ आणि १२०.५ असे आकडे आले. जुना रेंच ८० ला लावला असता ७८ ला वाजतो.

म्हणजे मी उलटा अर्थ लावत होतो. जुना रेंच जास्त आवळत नव्हता. डिजिटल रेंचने आवळलेले पंप ७१ ला राहिले आणि म्हणून पाझरले. मधल्या काळात त्या रेंचने आवळून पाठवलेले अकरा पंप नोंदवहीतून काढले आहेत आणि सोमवारपासून एकेका ग्राहकाला फोन करून ते तपासायला जाणार आहोत. फिटरला मी काही बोललो नाही. मेनूत अशी नोंद राहते हे त्याला कोणी सांगितलेच नव्हते, आणि ते सांगणे माझे काम होते.

शून्याचा अंदाजही बरोबर निघाला. फिटर रेंच बोल्टवर चढवूनच चालू करत असे. आता टेबलावर एक लाकडी बैठक ठेवली आहे आणि रेंच त्या बैठकीतच चालू करायचा असे ठरवले आहे.

आता दोन प्रश्न उरतात. त्या अकरा पंपांचे बोल्ट जागेवरच ८० पर्यंत पुन्हा आवळले तर चालेल का, आणि टेस्टरवर आकडे बरोबर आले असताना कॅलिब्रेशनसाठी रेंच पाठवण्याची गरज आहे का? आम्ही दिवसाला साधारण तीन फ्लँज आवळतो. गिअरबॉक्सच्या बेअरिंग कव्हरचे एम ८ चे बोल्टही याच रेंचने २५ न्यूटन-मीटरला आवळतो.


उत्तर: कलाभवनचा जुना विद्यार्थी

चूक सापडली याचा आनंद आहे, आणि आपण अकरा ठिकाणी स्वतः जाणार आहात हे वाचून त्याहून अधिक.

पाझरत नसलेल्या पंपांचे बोल्ट, पंप बंद करून आणि दाब पूर्ण उतरवून, ८० पर्यंत पुन्हा आवळता येतील. मात्र थांबलेल्या बोल्टचे स्थितिक घर्षण इथेही आडवे येते. बोल्ट हलायच्या आधीच रेंच ८० दाखवील आणि प्रत्यक्षात काहीच आवळले गेलेले नसेल. म्हणून एका वेळी एकच बोल्ट पाव वळसा सैल करून, मग एका सलग ओढीत ८० पर्यंत न्या, आणि समोरासमोरच्या क्रमाने पुढे जा. जे पंप पाझरले आहेत त्यांचे गॅस्केट मात्र बदलाच. पाझरलेले गॅस्केट पुन्हा आवळून विश्वासार्ह होत नाही. नवे बसवताना समोरासमोरच्या क्रमाने आधी सुमारे ३० टक्के, मग ६० टक्के, मग पूर्ण टॉर्क द्या आणि शेवटी गोल फिरून प्रत्येक बोल्ट एकदा पूर्ण टॉर्कला तपासा.

कॅलिब्रेशनला पाठवावेच लागेल. आयएसओ ६७८९ या मानकाची २०१७ ची आवृत्ती असे सांगते की, वापरणाऱ्याची स्वतःची ठरलेली पद्धत नसेल तर १२ महिने किंवा ५००० वेळा ओढणे, यांपैकी जे आधी होईल तेव्हा रेंच तपासावा. आपला दाखला दीड वर्षाचा झाला, म्हणजे पहिली मुदत गेली. दुसरीचा हिशोब करा. आठ बोल्ट, प्रत्येकी चार फेऱ्या, म्हणजे एका फ्लँजला ३२ ओढी, आणि तीन फ्लँजला ९६. या वेगाने ५००० चा आकडा ५२ कामाच्या दिवसांत भरतो. प्रत्येक वेळी प्रयोगशाळेत पाठवणे परवडणारे नाही. शेजारच्या टेस्टरवर दर आठवड्याला तीन ठिकाणी तपासून नोंद ठेवा आणि वर्षातून एकदा एनएबीएल (प्रयोगशाळांना मान्यता देणारे राष्ट्रीय मंडळ) ची मान्यता असलेल्या प्रयोगशाळेचा दाखला घ्या. हीच आपली ठरलेली पद्धत म्हणून लिहून ठेवा. पाठवताना रेंच आहे तसाच पाठवा आणि दुरुस्तीआधीचे आकडेही दाखल्यावर मागा. ते नसतील तर मागच्या वर्षभराचे काम बरोबर होते की नाही हे कधीच कळणार नाही.

एम ८ साठी वेगळा लहान रेंच घ्या. २०० क्षमतेच्या रेंचचे कॅलिब्रेशन सहसा २०, ६० आणि १०० टक्क्यांवर, म्हणजे ४०, १२० आणि २०० वर होते. २५ हा आकडा त्या दाखल्याच्या खाली पडतो, आणि ॲल्युमिनियमच्या कव्हरमधले आटे एकदा गेले की कव्हरच बदलावे लागते.


मकरपुरा पंपवाला

काका, पद्धत लिहून घेतली आहे. रेंच आहे तशाच स्थितीत मंगळवारी प्रयोगशाळेत पाठवतो आणि तोपर्यंत सगळी फ्लँज जुन्या रेंचने आवळू. दुरुस्तीआधीचे आकडे आले की इथेच लिहीन.